वाचक विचारतात: आत एक भरती, बाहेर बारा वर्षं

प्रश्न: ताई, मी कॉलेजला आहे, डिचोलीहून लिहितेय. माझ्या फँटसी कादंबरीत तारवट नावाचं बंदर आहे, तिथे एखाद्या अमावास्येला 'निजभरती' येते आणि ते पाणी ज्याला लागेल त्याचा वेळ मंद होतो. नायिका सहा तासांच्या एका भरतीत अडकते, ओहोटीला बाहेर येते तर गावात 12 वर्षं उलटलेली. मैत्रीण म्हणते पटत नाही, पाण्यात तिला काय दिसतं आणि काठावरच्यांना ती कशी दिसते हेच तू लिहिलं नाहीस. काय करू?

उत्तर: मैत्रिणीचं म्हणणं बरोबर आहे, पुढचं प्रकरण पण तिलाच आधी वाचायला दे.

आता कागद-पेन घेऊन बस. 12 वर्षं म्हणजे 4383 दिवस, ते सहा तासांत बसवायचे तर तिच्या पाच सेकंदांत बाहेर एक दिवस आणि एक रात्र होऊन जाते. वर्ष अर्ध्या तासाचं. पावसाळा दहा मिनिटांचा! समोरचा डोंगर हिरवा झाला, पिवळा पडला, परत हिरवा झाला असं तिला बारा वेळा दिसेल, आणि एवढं बघितल्यावर ती बाहेर येऊन 'अरे, गाव कसं बदललं' म्हणून चकित होणार नाही ना, तिला तर कळलेलंच असेल आणि तरी पाय उचलता येत नसेल.

काठावरून उलटा हिशोब. वेळ साधारण साडेसतरा हजार पटीने ताणलेला. तिने नुसती पापणी मिटून उघडली तरी काठावर दीड तास जातो. एक श्वास जवळजवळ वीस तासांचा. आणि तिने 'आई' अशी हाक मारली तर ती अडीच तास चालेल. आवाज ऐकू येणारच नाही, इतका ताणलेला आवाज कानाला कळत नाही, फक्त ओठ हलताना दिसतील, ते पण बसून राहिलं तरच. मला तर वाटतं तुझी कादंबरी इथेच आहे, रोज जेवणं आटोपून काठावर येऊन बसणारी आई, जिला सकाळी तोंड उघडताना दिसलं आणि दुपारपर्यंत कळलं की पोर आपल्यालाच हाक मारतेय. हे प्रकरण घाई न करता लिही. एक खरं सांगते, काटेकोर जायचं तर प्रकाशही तसाच ताणला जाईल आणि ती डोळ्यांना दिसणारच नाही. तुला ती दिसायला हवी असेल तर जादू प्रकाशाला धरत नाही असं एकदाच ठरव आणि मग कुठेही मोडू नकोस. दोरी टाकून ओढायचा मोह होईल, पण पाण्यात गेलेलं दोरीचं टोकही मंदच होणार, म्हणजे ते जमणार नाही.

अमावास्या निवडलीस ते छान, कारण उधाणाची भरती तशीही अमावास्या-पौर्णिमेलाच असते. भरतीची वेळ रोज साधारण 50 मिनिटांनी पुढे सरकते, म्हणजे जवळजवळ एक मुहूर्त (मुहूर्त 48 मिनिटांचा), त्यामुळे तारवटचे लोक घड्याळाशिवायही पाण्यावरूनच वेळ सांगतील. आणि असं पाणी पिढ्यान्पिढ्या येतंय तर गाव नुसतं बघत बसलेलं नसेल. आपल्याकडची खाजनं, म्हणजे खाडीकाठची शेतं, आठव. खारं पाणी शेतात शिरू नये म्हणून बांध आणि त्यात मानस, म्हणजे पाण्याचं दार, भरतीच्या रेट्याने ते आपोआप बंद होतं, ओहोटीला उघडतं. तारवटलाही असं दार असेलच की, मग त्या रात्री ते बंद का झालं नाही, डागडुजी कोणाची राहिली, हे गावातल्या कोणाला तरी माहीत असणार.

पुराणातली रेवती पण डोळ्यासमोर ठेव. बाप तिच्यासाठी वर विचारायला तिला घेऊन ब्रह्मलोकात गेला, गाणं संपेपर्यंत थांबला, तेवढ्यात पृथ्वीवर 27 चतुर्युगं गेली आणि मनात धरलेली सगळी स्थळं मरून गेलेली. तिथे वाट बघणारं कोणीच उरलं नाही, तुझ्याकडे आई उरलीय.

प्रश्न: माझ्या कथेत एक गाव वर्षातून एकदाच काळाच्या बाहेर येतं. खूप वेळा ऐकल्यासारखं वाटतं, त्यात नवीन काय आणू? (एक वाचक, मडगाव)

उत्तर: मडगावहून कुर्डी काय लांब नाही, मे महिन्यात जाऊन या. गायिका मोगूबाई कुर्डीकरांचं गाव, साळावली धरणाच्या पाण्याखाली गेलं, आणि उन्हाळ्यात पाणी उतरलं की परत वर येतं. लोक येतात, सोमेश्वराच्या देवळाशी जमतात. मी गेले होते तेव्हा एक आजी जोत्याच्या चिऱ्यांवर उभी राहून नातवाला सांगत होत्या, ही न्हाणी, इथे चूल, आणि चुलीपाशी आल्यावर त्यांनी चप्पल काढली. भिंत एक नव्हती. तुमच्या गावातली माणसं वर आल्यावर सगळ्यात आधी काय करतात तेवढं एक पान लिहा, जादूचं नाव पण घेऊ नका त्यात, आणि पाणी परत चढायला किती दिवस आहेत तो आकडा गावातल्या प्रत्येकाला पाठ असू द्या. ते पान मला पाठवा, मी वाचते.