खुनाच्या गुन्ह्यात जामीन देताना न्यायालय काय पाहते?

बांधाच्या वादातून तुमच्या चुलत्यांचा खून झाला, पाच आरोपींपैकी दोघे सात महिन्यांत जामिनावर सुटून गावात आले, तेव्हा न्यायालयाला या खुनाचे काहीच वाटले नाही असे समजायचे का, असे तुम्ही विचारले आहे. मी कोल्हापुरात फौजदारी वकिली करतो आणि अशा अर्जांत आरोपीच्या तसेच फिर्यादीच्या बाजूनेही उभा राहिलो आहे. कृपया तसे समजू नका.

जामिनाच्या टप्प्यावर खून कोणी केला याचा निकाल लागत नाही. खटला संपेपर्यंत या माणसाला कोठडीत ठेवणे आवश्यक आहे का, एवढेच ठरते. खुनाला फाशी किंवा जन्मठेप हीच शिक्षा असल्यामुळे न्यायदंडाधिकारी सहसा जामीन देत नाहीत. अर्ज खऱ्या अर्थाने चालतो तो सत्र न्यायालयात, म्हणजे आपल्याकडे कसबा बावड्याच्या न्यायसंकुलात, आणि तिथे फेटाळला गेला तर उच्च न्यायालयात. 18 ऑगस्ट 2025 पासून कोल्हापुरातच उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच (मुख्य ठिकाणाबाहेर बसणारे खंडपीठ) सुरू झाल्याने त्यासाठी आता मुंबई गाठावी लागत नाही.

अर्ज दाखल झाला की न्यायाधीश सरकारी वकील आणि तपास अधिकारी यांचा ‘से’, म्हणजे लेखी म्हणणे, मागवतात व मग कागद उघडतात. तुमच्या प्रकरणासारख्या गुन्ह्यात सगळा भर असतो तो प्रत्येकाच्या भूमिकेवर. बेकायदेशीर जमावाचे कलम लागले की पाचही जणांवर खुनाचाच आरोप येतो, हे खरे; पण फिर्यादीत एकाबद्दल ‘कोयत्याने डोक्यात वार केला’ असे स्पष्ट लिहिलेले असते आणि दुसऱ्याबद्दल ‘शिवीगाळ करून अंगावर धावून आला’ एवढेच असते. शवविच्छेदन अहवालात मृत्यूचे कारण डोक्यावरची एकच खोल जखम असेल, कोयता पहिल्याने दाखविलेल्या उसाच्या फडातून पंचांसमक्ष जप्त झालेला असेल, तर दुसऱ्याच्या हातून काय घडले हा प्रश्न न्यायाधीश सरकारी वकिलांना विचारणारच. तुमचे दोघे बहुधा याच फरकामुळे सुटले असावेत. आदेशाची प्रत मिळवून कारणे अवश्य वाचा. यापुढे उरलेल्यांपैकी कोणी ‘माझीही भूमिका तेवढीच आहे’ असे म्हणत त्याच आदेशाचा आधार घेईल, याचीही तयारी ठेवा.

भूमिकेखालोखाल साक्षीदारांचा विचार होतो. आरोपी आणि साक्षीदार एकाच गल्लीत राहत असतील तर दबावाची भीती खरी असते, आणि म्हणूनच खटला संपेपर्यंत तालुक्यात पाऊल ठेवायचे नाही, ठरलेल्या दिवशी पोलीस ठाण्यात हजेरी द्यायची, अशा अटी घातल्या जातात. पूर्वीचे गुन्हे आणि फरार होण्याची शक्यता हेही पाहिले जाते.

दोन वाटा मात्र वेगळ्या आहेत. पोलिसांनी 90 दिवसांत दोषारोपपत्र दाखल केले नाही आणि ते येण्यापूर्वी आरोपीने अर्ज केला, तर गुन्हा कितीही गंभीर असला तरी जामीन हा त्याचा हक्क ठरतो. दुसरी वाट विलंबाची. कॉम्रेड गोविंद पानसरे यांच्यावर फेब्रुवारी 2015 मध्ये याच शहरात गोळ्या झाडल्या गेल्या. त्या खटल्यातील सहा आरोपींना उच्च न्यायालयाने जानेवारी 2025 मध्ये जामीन दिला, तो कित्येक वर्षे कच्च्या कैदेत गेल्याच्या कारणावरून. अशा वेळी मृताच्या घरच्यांना काय वाटत असेल ते मी जाणतो. पण माझे ठाम मत आहे की, रोष जामिनावर नव्हे, रखडलेल्या खटल्यावर असायला हवा.

तुमच्या हातात काहीच नाही असे नाही. पीडिताच्या कुटुंबाला प्रत्येक टप्प्यावर म्हणणे मांडण्याचा अधिकार आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने 2022 मध्ये शेतकऱ्यांना वाहनाखाली चिरडल्याच्या लखीमपूर खेरी प्रकरणात स्पष्ट केले असून, त्या वेळी आरोपीला मिळालेला जामीनही रद्द केला. उरलेल्या तिघांच्या अर्जांत तुमच्या वकिलांमार्फत आवर्जून हजर राहा. सुटलेल्या दोघांपैकी कोणी साक्षीदाराला धमकावले, तर त्याच दिवशी पोलीस ठाण्यात लेखी तक्रार द्या, तीत वेळ, ठिकाण आणि उच्चारलेले शब्द जसेच्या तसे लिहा व पोच घ्या; जामीन रद्द करण्याचा अर्ज त्याच कागदावर उभा राहतो.