विधी चुकला तर काय, ते आधी लिही

तुझ्या कथेतल्या काल्पनिक राज्याच्या विधिग्रंथाचा मसुदा वाचला. देव, सृष्टीची उत्पत्ती, मंत्र, सगळं झोकात जमलंय. पण ही पोथी रोज कुणाच्या तरी हाताळण्यात आहे, असं अजून वाटत नाही. त्यासाठी आधी एक ठरव: विधी करताना काही बिनसलं तर काय करायचं?

खऱ्या ग्रंथांचा जीव तिथेच असतो. अग्निहोत्राची, म्हणजे रोजच्या होमासाठी दूध देणारी गाय दूध काढताना मध्येच खाली बसली तर प्रायश्चित्त काय, हे ऐतरेय ब्राह्मण या वैदिक ग्रंथात सांगितलंय. पंढरपूरच्या काशीनाथ उपाध्यायांनी १७९० च्या सुमारास रचलेल्या धर्मसिंधू या धर्मशास्त्राच्या ग्रंथात, तिथी दोन दिवसांत विभागली गेली तर व्रत कधी धरायचं, याचा केवढा तरी खल आहे.

तुझ्या दर्यावर्दी लोकांचा दीपविधी घे. वाऱ्याने दिवा विझला तर? तेल संपलं तर माशाचं चालेल का? एका बंदरातले पुजारी हो म्हणतील, दुसऱ्यातले कानावर हात ठेवतील. दोन्ही मतं ग्रंथात राहू देत. कथेतला संघर्ष तुला तिथेच सापडेल, नायिकेच्या बंडाचं कारणसुद्धा.

पोथी डोळ्यांसमोरही आण. जुन्या हस्तलिखितांत चुकलेल्या अक्षरांवर हरताळ हा पिवळा खनिज रंग फासत आणि त्यावर नवं लिहीत. तुझ्या पोथीत असं एखादं झाकलेलं नाव ठेव. कुणाचं, ते लगेच सांगू नकोस.

अख्खा ग्रंथ मात्र लिहीत बसू नकोस, कथा मागे पडते. दोन-तीन विधी पुष्कळ झाले. दिव्याचा आधी लिहून काढ.