नारायण राणे आतापर्यंत किती पक्षांत होते?

मोजायला गेलं तर चार, त्यातला एक स्वतःचाच. सुरुवात शिवसेनेतून, मुंबईत नगरसेवक, मग १९९० ला मालवणमधून आमदार आणि १९९९ मध्ये मनोहर जोशींना बाजूला करून थेट मुख्यमंत्री, पण तेही जेमतेम आठेक महिने कारण निवडणूक झाली आणि युतीचं सरकार गेलं. उद्धव ठाकरेंशी कधी पटलंच नाही, २००५ मध्ये सेनेबाहेर पडले आणि काँग्रेसमध्ये जाऊन महसूलमंत्री झाले, मालवणची पोटनिवडणूकही काँग्रेसकडून दणक्यात जिंकली. माझ्या मते तोच त्यांचा पीक टाइम. मुख्यमंत्रिपद मात्र काँग्रेसने काही दिलं नाही. २०१४ ला कुडाळमध्ये वैभव नाईकांकडून हरले, पुढच्या वर्षी वांद्रे पूर्वच्या पोटनिवडणुकीतही आपटले (तिथे उभं राहायची खरंच काय गरज होती?). २०१७ ला काँग्रेस सोडून महाराष्ट्र स्वाभिमान पक्ष काढला, पण भाजपच्या पाठिंब्याने राज्यसभेत गेले आणि २०१९ ला पक्षच भाजपमध्ये विलीन. २०२१ ला केंद्रात मंत्री, २०२४ ला रत्नागिरी-सिंधुदुर्गमधून विनायक राऊतांना हरवून खासदार.