बडोदे खालसा झालेले नाही

बडोद्याच्याच एका तरुण वाचकाचा प्रश्न आला आहे. वाङ्मय मंडळाच्या अंकासाठी ते लेख लिहीत आहेत. विषय असा: नकाशावरून गेलेले देश, कोणी मान्यता न दिलेले देश आणि पृथ्वीवरून गेलेले प्राणी. या तिन्हींना ‘नामशेष’ हा एकच शब्द चालेल का, की प्राण्यांना ‘लुप्त’ आणि देशांना ‘नष्ट’ म्हणावे, असे त्यांनी विचारले आहे. सोबत मसुदा जोडला आहे आणि त्यात हे वाक्य आहे: ‘१९४९ साली बडोदे संस्थान खालसा होऊन नामशेष झाले.’

प्रश्नाकडे येतो, पण आधी हे वाक्य. हेच वाक्य या शहरात मी इतक्यांदा ऐकले आहे की आता राहवत नाही. राजवाडा दाखवायला नेणारे हेच सांगतात, संमेलनांचे सूत्रसंचालक हेच म्हणतात, आणि दांडियाबाजारातल्या जुन्या मराठी घरांतही गोष्ट ‘राज्य खालसा झालं तेव्हा’ अशीच सुरू होते. बडोदे कधीही खालसा झाले नाही. सातारा झाला, १८४८ साली. नागपूर आणि झाशी झाली, १८५४ साली. बडोदे १ मे १९४९ रोजी मुंबई प्रांतात विलीन झाले. खालसा करणारा समोरच्याचा वारस नाकारतो आणि राज्य घेऊन टाकतो. विलीन होणारा करारावर सही करतो, मग ती सही कितीही जड हाताने केलेली असो.

उलट खालसा न होणे हाच बडोद्याच्या इतिहासाचा कणा आहे. १८७५ साली इंग्रजांनी मल्हारराव गायकवाडांना गादीवरून काढून मद्रासला पाठवले. राज्य गिळायला त्याहून सोपी वेळ कोणती होती? पण तोवर १८५७ होऊन गेले होते, १८६२ साली संस्थानिकांना दत्तकाच्या सनदा मिळालेल्या होत्या, आणि खंडेराव महाराजांच्या विधवा जमनाबाईंनी नाशिक जिल्ह्यातल्या कवळाण्याचा बारा वर्षांचा गोपाळ दत्तक घेतला. तेच सयाजीराव. ग्वाल्हेरचे जयाजीराव शिंदे १८४३ साली दत्तक आले होते, इंदूरचे दुसरे तुकोजीराव होळकर १८४४ साली निवडून गादीवर बसवले गेले. तीनही मोठी मराठी संस्थाने मान्य झालेल्या वारसावर टिकली. झाशीच्या दामोदररावांना तीच मान्यता मिळाली नाही. इतका मोठा फरक ज्या शब्दाने दाखवता येतो तो शब्द आपण सरसकट वापरून बोथट करतो, याचा मला मनापासून राग येतो.

आता त्या शब्दाविषयीच. ‘खालसा’ मुळात अरबी ‘खालिसा’. शुद्ध, बिनमिसळीचे, म्हणून थेट धन्याच्या मालकीचे. मोगल दप्तरात ‘खालिसा’ म्हणजे जो मुलूख जहागीरदाराला न देता बादशहाने स्वतःकडे ठेवला तो. अकबराने १५७५च्या सुमारास बऱ्याच मोठ्या मुलखातल्या जहागिरी काढून तो खालशात घेतला आणि तिथे करोडी नावाचे वसुली अधिकारी नेमले. म्हणजे या शब्दात नाशाचा अर्थ मुळीच नव्हता. मधला माणूस काढला, एवढाच अर्थ. १६९९ साली आनंदपूरला गुरू गोविंदसिंगांनी आपल्या शिष्यांना खालसा म्हटले, त्याचा ‘शुद्ध’ हा अर्थ सगळे सांगतात. पण मधल्या मसंदांना, म्हणजे गुरूच्या वतीने भेटी गोळा करणाऱ्या प्रतिनिधींना, बाजूला सारून थेट गुरूचे झालेले ते खालसा, हा जो दुसरा अर्थ अभ्यासक देतात, तो मला जास्त पटतो. महसुली शब्दाने धर्मात जाऊन केवढी उंची गाठली!

आणि बडोद्यात तर हा शब्द रोजच्या कारभाराचा होता. गायकवाडी महसुलात गावे दोन जातींची: सरकारची ती खालसा, इनामदार-देवस्थानांकडे गेलेली ती बारखली. बडोदे, कडी, नवसारी, अमरेली, कुठल्याही प्रांताचे जुने कागद उघडा, हे दोन शब्द भेटतील. ज्या राज्यात गायकवाडांची स्वतःची गावेच ‘खालसा’ म्हणवली जात, त्या राज्याविषयी ‘ते खालसा होऊन संपले’ असे म्हणणे किती विचित्र आहे पाहा.

इथे एका निवृत्त प्राध्यापकांशी माझा जुना वाद आहे. त्यांनी जाहीर व्याख्यानात सांगितले की ‘बारखली’ म्हणजे खळ्याबाहेरचे धान्य, म्हणून ‘खालसा’ म्हणजे खळ्यातले, दोन्हींत आपले ‘खळे’च आहे आणि शब्द अस्सल देशी आहे. पहिला अर्धा भाग बरोबर. इनामी जमिनीचे धान्य सरकारी खळ्याच्या बाहेर राही, म्हणून ती बारखली. पण जोडीने वापरतात म्हणून दोन शब्द एकाच बापाचे ठरत नाहीत. गायकवाडांची सत्ता गुजरातेत यायच्या दीडशे वर्षे आधी ‘खालिसा’ दिल्ली-आग्र्याच्या दप्तरात रुळलेला होता, आणि तिथे त्याला खळ्याची गरज पडली नव्हती. शिवाय ‘खळे’ला ‘सा’ लागून विशेषण कुठल्या व्याकरणाने होते, हे त्यांनी आजवर सांगितलेले नाही. फारसी-अरबी शब्द दिसला की त्याला देशी जानवे घालायचे, ही खोड विद्वानांनी तरी सोडावी.

खरी मौज या शब्दाच्या भाऊबंदांत आहे. अरबीत ख-ल-स अशी तीन व्यंजनांची मुळी आहे. तिच्यातून ‘खालसा’ आला. तिच्यातूनच ‘खुलासा’, म्हणजे गाळ काढून उरलेले सार, मग स्पष्टीकरण. बखरीतला ‘इखलास’ म्हणजे निर्भेळ स्नेह. ‘खलास’ म्हणजे मूळ अर्थाने सुटका. कर्जातून, कैदेतून, हिशेबातून सुटला तो खलास, आणि हिशेब सुटला म्हणजे संपला. मंगळबाजारात दुकानदार ‘खलास थई गयुं’ म्हणतो तेव्हा तो नकळत तेच अरबी सुटकापत्र वाचत असतो. ‘मखलाशी’ही मी याच घरात बसवतो. पेशवाईत अर्जातल्या प्रत्येक कलमाशेजारी जो निर्णय लिहीत, म्हणजे ते कलम ज्याने सुटे, ती मखलाशी. आज मात्र ‘वर अशीही मखलाशी केली’ म्हणजे स्वतःची बाजू लावून धरणारी चतुराईची पुस्ती. निर्णयाची पुस्ती झाली, पण शेऱ्याची जागा तीच राहिली.

आणि ‘निखालस’! हा शब्द मला या सगळ्यांत सर्वांत प्रिय आहे. ‘खालिस’ म्हणजे शुद्ध, तर ‘नि’ लागल्यावर अर्थ उलटायला हवा होता. निर्धन म्हणजे धन नसलेला, तसा निखालस म्हणजे शुद्ध नसलेला. पण झाले उलटच, ‘निखालस’ हा ‘खालस’हूनही शुद्ध. कोशकार इथे ‘नि’ जोर दाखवतो एवढे म्हणून पुढे जातात. माझे म्हणणे वेगळे आहे. मराठीत शुद्ध या अर्थाचे शब्द आधीपासूनच ‘नि’ने सुरू होणारे होते: निर्मळ, निव्वळ, निर्भेळ. परका ‘खालस’ या ओळीत बसायला आला आणि ओळीतल्या बाकीच्यांसारखा दिसावा म्हणून त्यानेही ‘नि’ धारण केला. व्याकरणाने हे होत नाही, संगतीने होते. संगतीने बदललेले शब्द भाषेत पुष्कळ असतात आणि कोशात त्यांचे कारण क्वचितच दिलेले असते. शेजारच्या गुजरातीत ‘निखालस’ म्हणजे मनमोकळा, आतबाहेर एक. मराठीत मात्र तो बहुतेक वेळा खोट्याच्या सोबत दिसतो: निखालस खोटे. शुद्ध या अर्थाचा शब्द आपण फक्त असत्याला वाहून टाकावा, हे मला आवडत नाही. बडोद्याच्या मराठी माणसांनी तरी शेजाऱ्यांकडून त्याचा चांगला अर्थ परत घ्यावा. ‘निखालस माणूस’ किती छान वाटते कानाला!

तर गेलेले देश. सगळ्यांना एक शब्द मागू नका, कारण देश जायच्या तऱ्हा निराळ्या आणि आपल्या भाषेत प्रत्येकीला शब्द आहे. जपानने १९१० साली कोरिया घेतला, तो खालसा केला. पूर्व जर्मनी ३ ऑक्टोबर १९९० रोजी पश्चिमेच्या संघराज्यात विलीन झाला. चेकोस्लोव्हाकियाची वाटणी झाली. १ जानेवारी १९९३ला भावाभावांनी दोन चुली मांडल्या. सोव्हिएत संघाचे १९९१च्या डिसेंबरात विघटन झाले. प्रशियाला दोस्त राष्ट्रांनी २५ फेब्रुवारी १९४७ रोजी कायदा काढून बरखास्त केले. ‘बरखास्त’ म्हणजे फारसीत ‘उठला’. दरबार उठावा तसे एक राज्य उठवले. असे हाताशी असताना पाचही ठिकाणी ‘नामशेष’ लिहिणे म्हणजे आळस.

‘नामशेष’ शब्द मोठा अर्थवाही आहे, म्हणूनच तो जपून वापरायचा. नाव तेवढे शेष. संस्कृतात तो मेलेल्या माणसासाठी येतो. कथाशेष, म्हणजे गोष्टीत उरलेला, हा त्याचाच भाऊ. वनवासातून परतलेला राम वडिलांच्या दालनात जातो तेव्हा कालिदास दशरथाला ‘आलेख्यशेष’ म्हणतो, चित्रापुरता उरलेला. आणि आपल्याकडे काय लिहितात? ‘त्यांचे नावसुद्धा नामशेष झाले.’ अहो, नाव गेले तर शेष काय राहिले? ‘पूर्णपणे नामशेष’ हीही तीच गत.

मान्यता नसलेल्या देशांना तर हा शब्द नेमका उलटा लागतो. ट्रान्सनिस्ट्रिया १९९० साली मोल्दोव्हापासून वेगळा निघाला. त्याचे स्वतःचे रूबल आहेत, हद्दीवर स्वतःचे पहारेकरी आहेत, आणि संयुक्त राष्ट्रांच्या एकाही सदस्य देशाने त्याला मानलेले नाही. उत्तर सायप्रस १९८३ पासून आहे आणि त्याला मानणारा एकटा तुर्कस्तान. इथे सगळे शेष आहे, नाव तेवढे कोणी घेत नाही. मसुद्यात तुम्ही ‘अनोळखी देश’ लिहिले आहे, ते खोडा. ओळख सगळ्यांना आहे, मान्यता नाही. ‘अमान्य’ही नको, तो नाकारण्याच्या कृतीचा शब्द वाटतो. ‘मान्यताहीन’ सरळ आहे. दत्तकाला मान्यता मिळाली की राज्य, न मिळाली की पोरके, हे आपल्या संस्थानांनी सोसलेले आहे, तेव्हा हा शब्द आपल्याला शिकवावा लागू नये.

प्राण्यांकडे वळतो. ‘लुप्त’ आणि ‘नष्ट’ या दोन्हींत मूळ अर्थ मरणाचा नाही, न दिसण्याचा आहे. पाणिनीचे सूत्रच आहे ‘अदर्शनं लोपः’, आणि धातुपाठात नश् धातूचा अर्थही ‘अदर्शने’ असा दिला आहे. म्हणून जो दिसेनासा झाला पण गेला की नाही हे ठरले नाही, तो लुप्त. याचे उत्तम उदाहरण आपल्या शेजारचे आहे. रानपिंगळा नावाचे छोटे घुबड १८८४ नंतर कोणाला निश्चितपणे दिसले नव्हते. मधे रिचर्ड माइनर्ट्झहागेन या इंग्रज अधिकाऱ्याने १९१४ साली इथेच, गुजरातेतल्या मांडवीला, आपण तो मिळवल्याचे नोंदवले. ते निखालस खोटे निघाले. संग्रहालयातला जुनाच नमुना उचलून त्याने नवी चिठ्ठी लावली होती. मग १९९७ साली, ११३ वर्षांनी, आजच्या नंदुरबार जिल्ह्यात शहाद्याजवळ तो जिवंत सापडला. रानपिंगळा इतकी वर्षे लुप्त होता. त्याला नामशेष म्हणणारे चुकले.

डोडो मात्र नामशेषच. मॉरिशसच्या त्या पक्ष्याची सर्वमान्य शेवटची नोंद १६६२ची. त्याआधी तीसेक वर्षे पीटर मंडी या इंग्रज प्रवाशाने सुरतेत दोन डोडो पाहिले होते. मोगल चित्रकार मन्सूरच्या नावे सांगितले जाणारे डोडोचे एक रंगीत चित्र रशियात आहे. डोडोला ‘आलेख्यशेष’ म्हणालात तरी मी आनंदाने मान डोलावेन.

तुमच्या मसुद्यात शेवटी चित्ता आहे. आजच्या छत्तीसगडातल्या कोरिया संस्थानाच्या महाराजांनी १९४७ साली तीन चित्ते मारले, ते भारतातले शेवटचे मानतात, आणि १९५२ साली सरकारने तो देशातून गेल्याचे जाहीर केले. पण आशियाई चित्ता इराणात अजून थोडा तग धरून आहे, म्हणजे नाव सोडून बरेच काही शेष आहे. तेव्हा ‘भारतातून नाहीसा झालेला’ असे लिहा. आणि १७ सप्टेंबर २०२२ रोजी नामिबियाहून कुनोत जे आठ सोडले, त्यांच्याविषयी ‘परतले’ हे क्रियापद काढून टाका. ते इथून गेलेच नव्हते, ‘आणले’ म्हणा.