मुलीसाठी अस्सल तमिळ नाव कसं निवडावं? यादीतली निम्मी नावं तर संस्कृतच वाटतात!

तुमचा प्रश्न असा: नवरा तमिळ, तुम्ही मराठी, मुलीचं नाव तमिळ हवं यावर दोघांचं एकमत, पण इंटरनेटवर 'तमिळ नावं' म्हणून शोधलं की हरिणी, श्रीनिधी, लावण्या हीच नावं समोर येतात. माझं माहेर साताऱ्याचं आणि सासर मदुरैचं, त्यामुळे हा विषय आमच्या घरी भरपूर चघळून झालाय.

त्या याद्यांमधल्या अर्थांवर आधी पाणी सोडा. 'आरव' म्हणजे शांत, असं सर्रास लिहिलेलं दिसतं. संस्कृतात आरव म्हणजे आवाज, गलका. तमिळ नावांचे तर आणखी हाल. 'वळर्मदी'मधल्या मदीचा अर्थ 'बुद्धी' देऊन मोकळे होतात. तमिळमध्ये मदी म्हणजे चंद्रसुद्धा, आणि वळर्मदी म्हणजे शुद्ध पक्षात कलेकलेनं वाढणारा चंद्र. केवढं सुंदर नाव, आणि यादीत त्याची 'वाढती बुद्धी' करून टाकलेली.

अस्सल तमिळ ओळखायची एक सोपी खूण आहे. नावात ह, ज, ष, क्ष असेल तर ते बहुधा बाहेरून आलेलं. तमिळ लिपीत या अक्षरांसाठी 'ग्रंथ' या दक्षिणेत संस्कृत लिहायच्या जुन्या लिपीतून चिन्हं उसनी घ्यावी लागली. जुन्या नियमानं शब्द र किंवा ल नं सुरूही होत नाही, म्हणून राम तिथे 'इरामन' होतो आणि लक्ष्मण 'इलक्कुवन'. सुरुवातीला जोडाक्षरही चालत नाही. प्रिया लिहिताना 'पिरिया' लिहितात. उलट बाजूनं मात्र ही खूण लागू पडत नाही. कमला, मणी, माला ही नावं तमिळ लिपीत अलगद बसतात, पण आहेत संस्कृतच.

हे वेगळेपण नुसतं व्याकरणाचं नाही, त्यामागे शंभर वर्षांचं राजकारण आहे. 1916 च्या सुमारास मरैमलै अडिगळ यांनी शुद्ध तमिळची चळवळ सुरू केली. त्यांचं मूळ नाव स्वामी वेदाचलम. वेदाचा झाला 'मरै', अचलाचा 'मलै' आणि स्वामींचे 'अडिगळ'! पुढे द्रविड चळवळीत नारायणसामींचे नेडुंचेळियन झाले, रामय्यांचे अन्बळगन. गंमत अशी की त्या चळवळीतले सगळ्यात गाजलेले नेते करुणानिधी. जन्मनाव दक्षिणामूर्ती, घेतलेलं नाव करुणानिधी, दोन्ही चोख संस्कृत. मुलगा झाला 1 मार्च 1953 ला, चारच दिवसांनी रशियात स्टालिन वारला, म्हणून मुलगा स्टालिन. मुलगी मात्र कनिमोळी: कनी म्हणजे फळ, मोळी म्हणजे बोली. नातू पुन्हा उदयनिधी. एका घरात तीन तऱ्हा. तेव्हा तुमच्या सासरी कोणी 'हे नाव खरं तमिळ नव्हे' म्हणून नाक मुरडलं तर फार मनावर घेऊ नका.

कनिमोळीतला 'ळ' हा आपला ळ नाही. जीभ मागे वळवायची, पण टाळूला टेकवायची नाही, असा तो उच्चार. इंग्रजीत त्यासाठी झेड-एच लिहितात आणि मराठी पेपरवाले ते वाचून 'कनिमोझी' छापतात. खुद्द तिकडचेही कित्येक जण बोलताना साधा ळ म्हणतात, त्यामुळे आपण ळ लिहिणंच बरं. 'तमिळ' या शब्दातही तेच अक्षर आहे आणि तिथे आपण बरोबर लिहितोच की!

या अक्षरानं आमच्याकडे एक नाव बाद केलं. मला 'कयलविळी' फार आवडलं होतं. कयल हा मासा, विळी म्हणजे डोळा, मासोळीसारख्या डोळ्यांची. आईला फोनवर सांगितलं तर ती म्हणाली, "अगं, पोरीच्या नावात विळी कशाला? उद्या शाळेत कोयता म्हणतील." विषय संपला. अर्थ मीनाक्षीचाच आहे. मदुरैच्या मीनाक्षीचं तमिळ नाव अंगयर्कण्णी, त्यातही तोच कयल. आणि 'मीन' हा शब्दच संस्कृतात द्रविड भाषांमधून गेलाय असं बहुतेक अभ्यासक मानतात. म्हणजे मीनाक्षी अर्धी तमिळ आहेच.

देवांच्या नावांचा तर वेगळाच घोळ. आपल्याकडे कार्तिकेय ब्रह्मचारी, बायकांनी दर्शन घ्यायचं ते कार्तिकी पौर्णिमेला कृत्तिका नक्षत्र असताना. तिकडे तोच मुरुगन, घराघरातला लाडका, दोन बायकांचा दादला: वळ्ळी आणि देवयानै. ब्रह्मचारी आहे तो गणपती! म्हणून 'वळ्ळी' हे नाव तिथे अगदी घरगुती, आणि साताऱ्यात मला ते प्रत्येकाला समजावून सांगावं लागलं असतं. कृष्णाचा 'कण्णन' मात्र आपल्याला लगेच जवळचा वाटतो. तो प्राकृत 'कण्ह'वरून आला, आपला कान्हाही त्याच वाटेनं आला. तमिळ माणसाला त्यात 'कण्' म्हणजे डोळाही ऐकू येतो.

आडनावाचं आधीच ठरवा. तमिळनाडूत बहुतेकांना आडनाव नसतं. वडिलांच्या नावाचं आद्याक्षर स्वतःच्या नावाआधी लागतं. विश्वनाथन आनंदमध्ये विश्वनाथन हे वडील. द्रविड चळवळीचे नेते पेरियार यांच्या जातिविरोधी स्वाभिमान चळवळीची 1929 मध्ये चेंगलपट्टूला परिषद झाली, त्यानंतर जातिवाचक उपनावं टाकण्याला जोर आला. पेरियारांनी स्वतःचं 'नायकर' टाकलं. हे मला पटतं, पण महाराष्ट्रातल्या शाळेच्या फॉर्मवर आडनावाचा रकाना रिकामा ठेवून बघा! माझ्या पासपोर्टवर आडनावाच्या जागी नवऱ्याचं नाव आहे, आणि बँकेत मला त्याच्याच नावानं हाक मारतात.

आता नावं. 'ओविया' (ओवियम म्हणजे चित्र) मराठी कानाला ओवीची बहीण वाटते. 'इनिया' म्हणजे गोड, मधुर. 'मलर' म्हणजे फूल, 'मुगिल' म्हणजे ढग, 'तेंड्रल' म्हणजे दक्षिणेची झुळूक. 'निला' म्हणजे चंद्र, पण मराठीत लोक हटकून नीला करतील. 'याळिनी' याळ या जुन्या तंतुवाद्यावरून. छान आहे, फक्त तो ळ सांभाळावा लागेल. माझी आवड विचाराल तर 'नित्तिला', नित्तिलम म्हणजे मोती. दोन्हीकडच्या आज्यांना न अडखळता म्हणता येतं.

उलट मराठी नाव ठेवायचं ठरलंच तर तमिळमध्ये लिहून बघा. क, ख, ग, घ यांना तिथे एकच अक्षर, त्यामुळे गौरी आणि कौरी कागदावर सारखंच. इंग्रजी स्पेलिंगही जन्मदाखल्याआधी पक्कं करा. तिकडे टी म्हणजे ट, म्हणून 'त'साठी टी-एच लिहितात आणि नित्तिलाची मुंबईत 'निथिला' होते.

आणि हो, सासूबाईंना आधी विचारा. तमिळमध्ये नातू म्हणजे 'पेरन', नात म्हणजे 'पेत्ती', आणि 'पेर' म्हणजे नाव. आजी-आजोबांचं नाव नातवंडांना द्यायची रीत अजून पुष्कळ घरांत आहे. आम्ही आजेसासूचं नाव पूजेपुरतं ठेवलं आणि दाखल्यावर आमच्या आवडीचं घातलं. त्यावर कोणी रुसलं नाही.