संगीतपट बघायला घेताय? शेरबूरपासून सुरुवात करा

आधी ‘द अम्ब्रेलाज ऑफ शेरबूर’ लावा. जाक दमीच्या या फ्रेंच चित्रपटाला १९६४ साली कान महोत्सवाचं सर्वोच्च पारितोषिक मिळालं. यात एकही वाक्य नुसतं बोललेलं नाही. थंड असताना इंजिन जरा आवाज करतं, हेसुद्धा गॅरेजमधला मेकॅनिक गाऊनच सांगतो! सुरुवातीला अवघडल्यासारखं होईल, पण बंद करू नका. मिशेल लग्रांचं संगीत आधी ध्वनिमुद्रित झालं, नट त्यावर ओठ हलवतात. प्लेबॅकवर वाढलेल्या आपल्या कानांना ते लगेच रुचतं. स्टेशनवरच्या निरोपाच्या वेळी सबटायटल्स सोडा, सूर ऐका.

२००० साली पाम द’ओर, म्हणजे कान महोत्सवाचंच सर्वोच्च पारितोषिक, मिळवणारा ‘डान्सर इन द डार्क’ मात्र मन घट्ट असेल त्याच दिवशी बघा. कारखान्यातल्या यंत्रांच्या खडखडाटातून त्यात गाणं उभं राहतं. तिथे हेडफोन हवाच.