सहावीतल्या मुलीला मिश्रणाची गुणोत्तराची गणितं जमत नाहीत, सूत्र पाठ करून घेऊ का?

सूत्र पाठ नका करून घेऊ, निदान सुरुवातीला तरी नकोच. मी बरीच वर्षं घरी पाचवी-सहावीच्या मुलांची शिकवणी घेते, मुलं गुणाकार-भागाकारात फारशी अडकत नाहीत हो, अडकतात ती ‘भाग’ म्हणजे नक्की काय तिथे.

तुम्ही दिलंय तेच गणित बघा, इडलीसाठी तांदूळ आणि उडीद डाळ 3:1, दोन्ही मिळून 12 वाट्या, तर डाळ किती? तुमच्या मुलीने 4 लिहिलं, आणि माझ्याकडेही कितीतरी मुलं हेच लिहितात, कारण 3 आणि 1 दिसले की 12 ला 3 ने भागून मोकळी होतात. डाळ ही तांदळाचा तिसरा हिस्सा आहे, पण एकूणाचा चौथा. हे नुसतं सांगून पटत नाही, म्हणून वहीत एका ओळीत सारख्या आकाराचे तीन डबे काढायला लावा, त्यावर ‘तांदूळ’ लिहायचं, खालच्या ओळीत एकच डबा, ‘डाळ’. आता मोज म्हणावं, डबे किती? 4. मग 12 वाट्या 4 डब्यांत सारख्या वाटायच्या, एका डब्यात 3. डाळ 3, तांदूळ 9, संपलं.

याच चित्रावर बाकीचे प्रकारही सुटतात. डाळ 2 वाट्या दिलीये, तांदूळ किती? म्हणजे एक डबा 2 चा, तांदूळ 6. आणि जिथे मुलं हमखास गडबडतात तो प्रकार, ‘तांदूळ डाळीपेक्षा 6 वाट्या जास्त आहे’, तिथे वरच्या ओळीत दोन डबे जास्त दिसतातच, ते दोन मिळून 6, म्हणजे एक डबा 3 चा, पुन्हा 9 आणि 3.

दुसरी चूक म्हणजे दोन्हीकडे सारखंच मिळवणं. ही मात्र स्वयंपाकघरातच दाखवा. एका भांड्यात 1 चमचा कोकम सिरप आणि 4 चमचे पाणी, दुसऱ्यात 2 ला 5, तिसऱ्यात 2 ला 8. तिला तिन्ही चाखायला द्या आणि कुठल्या दोन चवी सारख्या ते तिलाच ओळखू दे. पहिलं आणि तिसरं सारखं लागतं, मधलं जास्त गोड, म्हणजे दोन्हीकडे एकेक चमचा वाढवला की चव बदलते आणि दोन्हीकडे दुप्पट केलं की नाही, हे जिभेला कळलं की सममूल्य गुणोत्तर वेगळं शिकवायला फार वेळ लागत नाही.

एककाकडे लक्ष ठेवा, अर्धा किलो रवा आणि 250 ग्रॅम साखर असलं की काही मुलं घाईत तसेच आकडे उचलतात, आधी 500 ग्रॅम करून घ्यायचं मग 2:1. आणि क्रम, ‘साखर आणि रवा’ विचारलं तर उत्तर 1:2 येणार.

पंधरा दिवस रोज दोनच गणितं द्या, डबे काढूनच. नंतर ती स्वतःच डबे काढायचं सोडते, तोपर्यंत ‘वेळ जातो’ म्हणून थांबवू नका तिला.